अपिलाची मुदत टळली? विलंब माफीच्या अर्जाआधीची तयारी

मुदतीनंतर अपील करताना झालेला उशीर माफ करा, अशी कोर्टाला केलेली विनंती म्हणजे विलंब माफीचा अर्ज. वकिलांनी ‘विलंब माफीचा अर्ज द्यावा लागेल’ असं सांगितलं, की पहिलं काम नकलेचं. निकालाची आणि हुकूमनाम्याची (निकालावरून निघणाऱ्या औपचारिक आदेशाची) प्रमाणित नक्कल हातात घ्या आणि सरळ शेवटच्या पानावर जा. नकलेसाठी अर्ज कधी केला, नक्कल कधी तयार झाली, कधी दिली, या तारखा तिथल्या शिक्क्यात असतात. पुढचा सगळा हिशेब त्यांच्यावर उभा राहतो. नकलेचा अर्जच केला नसेल, तर बाकी काही वाचण्याआधी तो आजच करा.

दिवाणी दाव्याच्या निकालावर जिल्हा न्यायालयात अपिलाला ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. निकालाचा दिवस मोजायचा नाही, आणि १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातल्या कलम १२ प्रमाणे नक्कल मिळायला लागलेला वेळही वगळला जातो. समजा निकाल १० जूनचा, नकलेचा अर्ज २४ जूनचा आणि नक्कल तयार झाली ८ जुलैला. मूळ मुदत १० जुलैला संपते; त्यात हे १५ दिवस मिळवले की २५ जुलै. पण तयार नक्कल तुम्ही महिनाभर नेलीच नाही, तर तो महिना वगळला जाणार नाही. तुम्ही नकलेचा अर्ज करण्याआधी हुकूमनामा तयार व्हायला लागलेला वेळही वगळला जात नाही. शेवटचा दिवस कोर्टाच्या सुट्टीत येत असेल, तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दाखल केलेलं अपील मुदतीतच असतं. मग विलंब माफीच्या अर्जाची गरजच नाही. विलंबाचा आकडा एकदा पक्का झाला की अर्जात, शपथपत्रात आणि अपिलात तोच यायला हवा. अर्जात एक आणि शपथपत्रात दुसरा आकडा दिसला, की समोरचे वकील तिथूनच सुरुवात करतात.

आता कारण, आणि इथे घाई अजिबात करू नका. एका कागदावर तारखा लिहा, प्रत्येकीसमोर काय घडलं ते, आणि त्याच्यापुढे पुरावा कोणता ते. नुसतं ‘आजारी होतो’ पुरत नाही. डॉक्टरांच्या दाखल्यापेक्षा केसपेपर, डिस्चार्ज कार्ड आणि औषधांची बिलं बोलकी असतात, कारण ती त्या त्या दिवशी तयार झालेली असतात. मग मोकळ्या जागा शोधा. डिस्चार्ज ३ ऑगस्टला आणि अपील २० नोव्हेंबरला, तर मधल्या साडेतीन महिन्यांत काय झालं? कोर्ट हेच विचारणार. आणखी एक पाहा: कारण मुदत संपायच्या आधी सुरू झालेलं असावं. मुदत गेल्यानंतरचं आजारपण पुढचे दिवस समजावून सांगेल, मुदत का चुकली ते सांगणार नाही.

दिवसांच्या संख्येला फार घाबरू नका. १९९८ च्या बालकृष्णन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ८८३ दिवसांचा विलंब माफ केला होता. २०१२ मध्ये टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा मात्र नाकारला, कारण फायली टेबलाटेबलावर फिरत होत्या यापलीकडे सांगण्यासारखं काही नव्हतं. प्रत्येक दिवसाचा खुलासा मिनिटामिनिटाचा नको, हे १९८७ च्या कातिजी निकालापासून मान्य आहे. पण खुलासा खरा लागतो. न झालेलं आजारपण लिहिलेलं उलटतपासणीत उघडं पडलं, तर अर्ज जातोच, शिवाय खोट्या शपथपत्राचा प्रश्न उभा राहतो.

आधीच्या वकिलांनी कळवलं नाही हे कारण असेल, तर त्यांना पाठवलेले मेसेज, पत्रं, फी दिल्याच्या पावत्या गोळा करा. तुम्ही स्वतः चौकशी करत होतात हे दिसायला हवं. सगळा दोष वकिलांवर टाकून मोकळं होता येत नाही. शपथपत्र ज्याला ही हकीकत स्वतः माहीत आहे त्यानेच करावं. आईच्या आजारपणाबद्दल तिची शुश्रूषा करणाऱ्या मुलाने सांगणं आणि गावाबाहेरच्या भावाने सांगणं यात फरक पडतो.

समोरच्याने दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल केली आहे का, हे ई-कोर्टच्या संकेतस्थळावर लगेच पाहा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ३-अ प्रमाणे मुदतबाह्य अपिलासोबतच हा अर्ज आणि शपथपत्र जोडावं लागतं, आणि अपील ऐकायचं असं कोर्टाने ठरवेपर्यंत हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला स्थगिती मिळत नाही. म्हणून जमिनीचा ताबा जाण्याची वेळ आली असेल, तर वकिलांना ते पहिल्याच भेटीत सांगा. अर्ज लवकर सुनावणीला घेण्याची विनंती त्यावरच करता येते.

शेवटी सामनेवाल्यांची, म्हणजे अपिलातल्या समोरच्या पक्षकारांची, यादी. मूळ दाव्यातला कोणी वारला असेल तर वारसांची पूर्ण नावं, वयं आणि आजचे पत्ते आधीच मिळवून ठेवा. चुकीच्या पत्त्यावर गेलेली नोटीस परत येते आणि पुढची तारीख तेवढ्यासाठीच पडते.