फोनमधले फोटो-व्हिडिओ कम्प्युटरवर घेताय? या चुका टाळा

मागच्या अनंत चतुर्दशीची गोष्ट. इंदूरला कृष्णपुऱ्याच्या छत्र्यांपाशी रात्रभर उभं राहून झांक्यांचे, म्हणजे मिरवणुकीतल्या चित्ररथांचे व्हिडिओ काढले. हुकुमचंद मिल १९९१ ला बंद पडली पण तिची झांकी अजून निघते आणि बाबा त्याच मिलमध्ये होते, त्यामुळे आमच्या घरात ती झांकी बघणं म्हणजे देवदर्शनच. सकाळी घरी आलो तर फोन म्हणतोय जागा संपली. लॅपटॉपला लावला, सगळं सिलेक्ट करून कॉपी-पेस्ट केलं आणि पोहे खायला आत गेलो. तेवढ्यात पुतणीला तिचा मोबाइल चार्ज करायचा होता, तिने चार्जर समजून माझी वायर काढली, मग चूक कळल्यावर गुपचूप परत लावून ठेवली. मी येतो तर स्क्रीनवर एक डबा उघडलेला, ट्राय अगेन, स्किप, कॅन्सल. झोप डोळ्यावर, दाबलं स्किप. बाकीचं कॉपी झालं, मग लॅपटॉपवरूनच फोनमधले सगळे व्हिडिओ डिलीट मारले. हुकुमचंदची झांकी गेली ती गेलीच.

आता यात चूक पुतणीची नाही, माझी, आणि एक नाही तर दोन. पहिली म्हणजे स्किप. फोनचा कॅमेरा एमपी४ फाइल लिहितो तेव्हा कुठला सीन कुठे आहे याची यादी साधारणपणे फाइलच्या शेवटी टाकतो, त्यामुळे फाइल अर्धी आली तर अर्धा व्हिडिओ दिसेल असं वाटतं ना, तसं होत नाही, तो उघडतच नाही. दुसरी चूक याहून मोठी. केबलने लावलेल्या फोनमधली फाइल कम्प्युटरवरून डिलीट केली की ती रिसायकल बिनमध्ये जात नाही, थेट उडते. हे मला माहीत नव्हतं, आणि मी घरातला "कम्प्युटरवाला" बरं का! तेव्हापासून माझा नियम ठरलाय, आधी फक्त कॉपी करायचं, कट नाही. मग दोन्हीकडे सिलेक्ट ऑल करून खाली फाइलींचा आकडा बघायचा. मग शेवटच्या दोन-चार फाइली आणि सगळ्यात मोठा व्हिडिओ लॅपटॉपवर उघडून मध्यातून आणि शेवटून चालवून बघायचा. त्यानंतरच फोनमधलं काढायचं, आणि तेही शक्यतो दुसऱ्या दिवशी.

हे झालं माझं रडगाणं. बाकी नातेवाइकांत मला सगळ्यात जास्त येणारा फोन म्हणजे "अरे, मोबाइल लॅपटॉपला दिसतच नाहीये रे". दहातल्या सात वेळा केबल असते. जेल रोडवर पन्नास-साठ रुपयांत केबल मिळते, चार्जिंग मस्त होतं, पण आत दोनच तारा असतात, वीज यायची एक आणि जायची एक. डेटासाठी साध्या यूएसबीत आणखी दोन तारा लागतात, त्या तिच्यात नसतातच, मग सेटिंगमध्ये कितीही डोकं घाला, काही होणार नाही. घेताना दुकानदाराला सरळ विचारा, "भिया, डेटावाली है ना?" आणि जमलं तर तिथेच त्याच्या कम्प्युटरला लावून बघा. जुन्या टेबल फॅनच्या डब्यातून आलेली केबल, बॅटरीवाल्या ट्रिमरची केबल, पॉवर बँकबरोबरची केबल, या सगळ्यांवर संशय घ्यायचा. केबल बरी असेल आणि तरी हलवली की जोडणी तुटत असेल तर फोनच्या पोर्टमध्ये बघा, खिशातला कापूस दाबून दाबून बसलेला असतो. फोन बंद करून लाकडी टूथपिकने हळूच काढा, सुईने नाही. आणि डेस्कटॉप असेल तर कॅबिनेटच्या पुढच्या पोर्टऐवजी मागच्यात लावून बघा, हबमधून तर नकोच.

केबल ठीक आहे, तरी दिसत नाही? मग फोन लॉक आहे का बघा. अँड्रॉइड फोन लावल्यावर आधी फक्त चार्जिंगवर असतो आणि हे मुद्दाम आहे, नाहीतर कुठल्याही सायबर कॅफेत फोन चार्जिंगला लावला की तुमचं सगळं उघडं. लॉक काढायचा, वरून नोटिफिकेशनची पट्टी खाली ओढायची, तिथे यूएसबी चार्जिंगचं काहीतरी लिहिलेलं असतं त्यावर टॅप करायचं आणि फाइल ट्रान्सफर निवडायचं. आमची आत्या इथेच अडकायची, कारण तिथे पीटीपी असंही एक असतं आणि ती तेच दाबायची, त्यात कॅमेऱ्याचे फोटो दिसतात पण डाउनलोड, कागदपत्रं वगैरे दिसत नाहीत, आणि मग "माझ्या पीडीएफ कुठे गेल्या" म्हणून घर डोक्यावर. आयफोनवाल्यांना "ट्रस्ट धिस कम्प्युटर" विचारलं जातं, तिथे घाईत नको म्हटलं की फोटोंच्या फोल्डरऐवजी रिकामी खिडकी. केबल काढून परत लावा, परत विचारतो.

एक समजून घ्या म्हणजे बराच त्रास वाचेल. फोन लावला म्हणजे पेनड्राइव्ह लावला असं नाही. फार पूर्वी अँड्रॉइड फोन खरंच पेनड्राइव्हसारखे जोडले जायचे, पण तेव्हा कम्प्युटरने मेमरी ताब्यात घेतली की फोनला स्वतःला ती वापरता यायची नाही. मग साधारण २०११ पासून एमटीपी आलं, त्यात कम्प्युटर फोनकडे एकेक फाइल मागतो आणि फोन एकेक काढून देतो. रेशनच्या रांगेसारखं. म्हणून कॅमेरा फोल्डरमध्ये आठ-दहा हजार फोटो असले की खिडकी उघडल्यावर वरची हिरवी पट्टी सरकतच राहते आणि लोक वैतागून बंद करतात. बंद करू नका, चहा करून या. आणि सगळा फोल्डर एका दमात ओढण्यापेक्षा तीनशे-चारशेचे गठ्ठे करा, मध्येच अडकलं तर कुठे अडकलं ते तरी कळतं. फोनमधली वर्डची फाइल तिथल्या तिथे उघडून बदल करू नका, आधी लॅपटॉपवर घ्या, बदला, मग परत टाका. आत्ताच काढलेला फोटो दिसत नसेल तर केबल काढून फोन एकदा रीस्टार्ट करा, यादी ताजी होते. मॅकवाल्यांनी तर हे सगळं विसरा, मॅकला एमटीपी मुळातच कळत नाही, ओपनएमटीपीसारखं वेगळं काहीतरी टाकावं लागतं.

कॉपी फार हळू होते म्हणणाऱ्यांसाठी एक गोष्ट, टाइप-सी तोंड आहे म्हणजे वेग आहे असं मुळीच नाही. तोंड नवं आणि आतला वेग जुन्या यूएसबी २ चा, म्हणजे कागदावर सेकंदाला ४८० मेगाबिट, हे खूप फोनमध्ये असतं. साधा आयफोन १५ सुद्धा त्यातलाच, जलद वेग फक्त १५ प्रोमध्ये, आणि तोही डब्यातल्या केबलने मिळत नाही, वेगळी घ्यावी लागते.

आता व्हॉट्सॲप. स्वतःलाच फोटो पाठवायचा आणि लॅपटॉपवर व्हॉट्सॲप वेबमधून उतरवायचा, हे आपण सगळेच करतो, मीपण करतो, वीजबिलाच्या फोटोला चालतं. पण मागे वहिनीने भाच्याच्या मुंजीचे सगळे फोटो असेच लॅपटॉपवर घेतले, फोनमधून काढून टाकले, आणि अल्बम छापायला दिला तर छापणाऱ्याने परत पाठवला की मोठ्या साइजला फुटतायत. व्हॉट्सॲप फोटो दाबून लहान करतं. एचडी निवडलं तरी मूळ फोटो जात नाही. पाठवायचंच असेल तर डॉक्युमेंट म्हणून पाठवा, २ जीबीपर्यंतची फाइल जाते आणि जशीच्या तशी जाते. आणि व्हॉट्सॲपवर आलेले फोटो केबलने घ्यायचे असतील तर जुन्या जागी शोधू नका, अँड्रॉइड ११ नंतर तो फोल्डर हलला, आता अँड्रॉइड, मग मीडिया, मग कॉम डॉट व्हॉट्सॲप, त्याच्या आत बसलाय.

"फोनमध्ये तर सगळे फोटो दिसतात, लॅपटॉपवर मात्र चाळीसच आले" हाही नेहमीचाच. तुम्ही कधीतरी गुगल फोटोजमध्ये फ्री अप स्पेस दाबलेलं असतं, म्हणजे फोटो फोनमध्ये नाहीतच, वरती क्लाउडमध्ये आहेत, ते ब्राउझरमधून उतरवावे लागतील. आयफोनमध्ये ऑप्टिमाइझ स्टोरेज चालू असलं की तेच. उलट चूकही लोक करतात, लॅपटॉपवर घेतले ना, आता फोनमधून काढू म्हणून गुगल फोटोज ॲपमधूनच डिलीट करतात आणि क्लाउडमधलेही जातात. बॅकअप झालेले फोटो ट्रॅशमध्ये ६० दिवस राहतात, तेवढ्यात आठवलं तर वाचलात.

आयफोनमध्ये आणखी एक डोकेदुखी. कॉपी अर्ध्यात थांबते आणि विंडोज म्हणतं की जोडलेलं डिव्हाइस काम करत नाहीये. डिव्हाइस ठणठणीत असतं. आयफोन फोटो हेइक नावाच्या स्वतःच्या प्रकारात ठेवतो आणि कॉपी होताना ते नेहमीच्या जेपेगमध्ये बदलता बदलता दमतो. आयफोनमध्येच फोटोजच्या सेटिंगमध्ये अगदी खाली ट्रान्सफर टू मॅक ऑर पीसी असतं, तिथे कीप ओरिजिनल्स करा. मग फोटो हेइकमध्येच येतील, ते उघडायला विंडोजवर वेगळं एक्स्टेन्शन लागू शकतं, पण कॉपी पूर्ण होते.

बिनवायरचं म्हणाल तर ब्लूटूथने व्हिडिओ पाठवू नका हो. सेकंदाला दोनेक मेगाबिट वेग धरला तरी १ जीबीला तासाच्या वर जातं. क्विक शेअर हे ॲप विंडोजवर येतं, लोकलसेंड नावाचं ॲप फुकट आहे आणि चांगलं आहे, त्याला दोन्ही उपकरणं एकाच वायफायवर हवीत एवढंच. एकाच वायफायवर असूनही एकमेकांना दिसत नसतील तर बहुतेक लॅपटॉपने घरचं नेटवर्क पब्लिक म्हणून धरलंय, ते प्रायव्हेट करा, किंवा तुम्ही राउटरच्या गेस्ट वायफायवर आहात. शेअरइट आणि झेंडर मात्र २०२० मध्ये सरकारने बंद केलेल्या ५९ ॲपमध्ये होती, कुठूनतरी एपीके, म्हणजे ॲप घालायची फाइल, उतरवून ती परत घालणारे मला अजून भेटतात. त्या एपीकेत काय भरलंय ते देव जाणे.

राहिला पेनड्राइव्ह. मुंजीचा पूर्ण व्हिडिओ साडेपाच जीबीचा होता, आत्याला टीव्हीवर बघायला हवा होता, आणि विंडोज म्हणे फाइल फार मोठी आहे. पेनड्राइव्ह ३२ जीबीचा, रिकामा. आत्याला वाटलं पेनड्राइव्ह बनावट निघाला. तो फॅट३२ या जुन्या पद्धतीने फॉरमॅट केलेला होता आणि त्यात ४ जीबीच्या वरची एक फाइल बसतच नाही, जागा कितीही असो. एक्सफॅट या नव्या पद्धतीने फॉरमॅट केला की बसते, पण फॉरमॅट मारताना आतलं सगळं जातं, आधी काढून घ्या, आणि शेवटी इजेक्ट केल्याशिवाय उपटू नका. मी एक्सफॅट करून दिला तर आत्याच्या जुन्या टीव्हीने तो ओळखलाच नाही. शेवटी परत फॅट३२ केला आणि व्हिडिओचे दोन तुकडे करून दिले, पहिल्यात मातृभोजनापर्यंत, दुसऱ्यात भिक्षावळ.