शोध नक्की कुणाचा, हे कसं शोधायचं?

मुलीच्या शाळेत, इथे ठाण्यातच, सायन्स एक्झिबिशनसाठी शोधांचा चार्ट करायचा होता, नौपाड्यातून रेडीमेड आणला तर एका शोधापुढे एकच फोटो. असं नसतं हो! स्वतः करणार असाल तर आधी मूळ रिसर्च पेपर बघा, बक्षीस नंतर. रामन इफेक्टचंच घ्या ना, मार्च १९२८ मध्ये 'नेचर' या सायन्स जर्नलमध्ये जे छापून आलं त्यावर रामन आणि के. एस. कृष्णन अशी दोन नावं आहेत, १९३० चं नोबेल मात्र एकट्या रामनना.

मग हाताने काम कुणी केलं ते बघा. पल्सारचा, म्हणजे ठरावीक लयीत रेडिओ लहरी पाठवणाऱ्या ताऱ्याचा, सिग्नल १९६७ मध्ये जोसलिन बेलने पकडला, केंब्रिजची स्टुडंट, कागदाचे लांबच्या लांब रोल डोळ्यांनी तपासत बसायची त्यात तिला ती बारीकशी खूण दिसली, आणि गाइडना आधी वाटलं की हा माणसांनीच केलेला डिस्टर्बन्स असणार. १९७४ चं नोबेल कुणाला? गाइड ह्यूइश आणि मार्टिन राइल.

नियमपण बघा. एका नोबेलमध्ये जास्तीत जास्त तिघं, आणि गेलेल्या माणसाला देत नाहीत. डीएनएची रचना उलगडायला जिचं एक्स-रे काम उपयोगी पडलं ती रोझलिंड फ्रँकलिन १९५८ ला गेली, डीएनएचं नोबेल १९६२ चं (ती असती तरी दिलं असतं का, मला शंकाच आहे).

नॉमिनेशन ५० वर्षांनी खुली होतात, नोबेलच्या साइटवर लिझे माइटनरचं (अणू फुटतो कसा, हे उलगडणाऱ्यांपैकी एक) नाव टाकून बघा, कित्येकदा नॉमिनेट झाली, मिळालं एकदाही नाही.

आमचा चार्ट पुरला नाही, दुसरा चिकटवावा लागला.