पार्सल आलं नाही? आधी शेवटचा स्कॅन वाचा

ऑनलाइन मागवलेली वस्तू वेळेत आली नाही की बरेच जण आधी कुरिअरला फोन लावतात, मग विक्रेत्याला, आणि दोन्हीकडून 'थोडं थांबा' एवढंच ऐकून बसतात. पार्सल कुठे अडकलं आहे हे ट्रॅकिंगमधली शेवटची नोंद बऱ्यापैकी सांगते. कोणाला, कधी आणि काय विचारायचं हे त्या नोंदीवर ठरवा. चुकीच्या माणसाशी भांडण्यात गेलेले दिवस परत मिळत नाहीत, आणि तक्रारीची मुदत त्या दिवसांतही चालूच असते.

कबूल केलेली तारीख कोणती?

ऑर्डरचा ईमेल उघडा. '3 ते 5 दिवस' असं लिहिलेलं असेल तर ते बहुधा कामाचे दिवस असतात आणि माल विक्रेत्याकडून निघाल्यापासून मोजलेले असतात. माल बांधायला लागणारा वेळ त्यात धरलेला नसतो. म्हणून सुट्टीच्या आदल्या रात्री दिलेली ऑर्डर उशिरा आल्यासारखी वाटते, पण हिशेबाने ती वेळेतच असू शकते.

ॲपमधली तारीख गुपचूप पुढे सरकते आणि जुनी दिसेनाशी होते. त्यामुळे ऑर्डर दिल्या दिल्या त्या पानाचा स्क्रीनशॉट घ्या. त्याच वेळी पत्ताही एकदा तपासा, विशेषतः पिनकोड आणि फोन नंबर. पार्सलची छाननी आधी कोडवरून होते, रस्त्याचं नाव फार नंतर वाचलं जातं. कोडचा एक आकडा चुकला की पार्सल वेगळ्याच गावी जातं.

कोणत्या नोंदीचा काय अर्थ

'लेबल क्रिएटेड' किंवा 'शिपमेंट इन्फर्मेशन रिसीव्ह्ड' या नोंदीने सगळ्यात जास्त गैरसमज होतो. याचा अर्थ एवढाच की नंबर तयार झाला आहे. पार्सल अजून कुरिअरच्या हातात गेलेलं नसतं. माल पाठवण्याची स्वतःची मुदत चुकू नये म्हणून काही विक्रेते आधी लेबल काढून ठेवतात आणि वस्तू नंतर गोळा करतात. कामाचे दोन दिवस ही नोंद बदलली नाही तर विक्रेत्याला लिहा: 'पार्सल कुरिअरला कोणत्या तारखेला दिलं, ते कळवा.' इथे कुरिअरला विचारून काही मिळत नाही, कारण त्यांनी ते पार्सल पाहिलेलंच नसतं.

'इन ट्रान्झिट' असताना दोन-तीन दिवस काहीच हलत नसेल तर लगेच घाबरू नका. पार्सल एका हातातून दुसऱ्या हातात जातं तेव्हाच स्कॅन होतं. ट्रक लांबच्या रस्त्यावर असला की नोंद होत नाही. पॉवर बँक किंवा सुट्या बॅटऱ्या मागवल्या असतील तर आणखी उशीर धरून चाला. सुट्या लिथियम-आयन बॅटऱ्या प्रवासी विमानातून माल म्हणून नेण्यावर 1 एप्रिल 2016 पासून आंतरराष्ट्रीय बंदी आहे, त्यामुळे असा माल बहुधा रस्त्याने येतो.

एकाच हबचं (कुरिअरच्या छाननी केंद्राचं) नाव दोनदा आलं किंवा मध्येच भलत्याच शहराचं नाव दिसलं, तर पार्सल चुकीच्या गोणीत पडलं होतं असं समजा. बहुतेक वेळा ते आपोआप योग्य वाटेला लागतं. पण एकाच हबवर कामाचे चार-पाच दिवस शांतता असेल तर लेबल फाटलं असण्याची शक्यता आहे. अशी पार्सलं बेवारस मालाच्या विभागात जातात आणि तिथे वर्णनावरूनच ओळखली जातात. तक्रारीत फक्त ऑर्डर क्रमांक देऊन भागत नाही. आत काय आहे, रंग, आकार, ब्रँड, किती नग आणि खोका कसा आहे, हे सगळं लिहा. असा शोध पाठवणाऱ्याच्या नावाने लवकर सुरू होतो, म्हणून तो विक्रेत्याला करायला लावा.

'डिलिव्हरी अटेम्प्ट फेल्ड' दिसलं आणि तुम्ही घरीच होतात, तर त्याच दिवशी लिहा. फोनवर कॉल आला नसेल तर त्या दिवसाच्या कॉल-यादीचा स्क्रीनशॉट जोडा. गाडीत पार्सलं जास्त आणि दिवस संपत आलेला, अशा वेळी 'ग्राहक उपलब्ध नाही' असं कारण टाकून दिलं जातं. गप्प बसलात तर ती नोंद खरी धरली जाते. साधारण दोन-तीन प्रयत्नांनंतर पार्सल परत फिरतं, आणि एकदा 'रिटर्न' सुरू झालं की ते वाटेत थांबवणं जवळजवळ अशक्य असतं. त्यापेक्षा नवी ऑर्डर देणं आणि जुनीचा परतावा मागणं सोपं.

'डिलिव्हर्ड' लिहिलंय, पण हातात काही नाही

यात पहिले काही तास सगळ्यात मोलाचे असतात. डिलिव्हरी देणाऱ्याला आपण आज कुठे काय ठेवलं हे आज आठवतं. परवापर्यंत त्याच्या हातून शेकडो पार्सलं गेलेली असतात.

सगळ्यात आधी डिलिव्हरीचा पुरावा उघडा: फोटो, सही, घेणाऱ्याचं नाव, वेळ. फोटो मोठा करून दाराचा रंग, फरशी, पायपुसणं, घराचा क्रमांक बघा. दार तुमचं नसेल तर तो फोटो जपून ठेवा, तक्रारीत याहून भक्कम पुरावा नसतो. मग घरातल्या प्रत्येकाला विचारा, शेजारी, सुरक्षारक्षक, ऑफिसचा टपाल विभाग. मीटरची पेटी, जिन्याखाली, गाडीच्या मागे, चपलांच्या कपाटातही बघा. ऑर्डर दोन पार्सलांत तर विभागलेली नाही ना, हेही पाहा. अशा वेळी एक पोहोचतं, दुसरं वाटेत असतं आणि ॲप मात्र संपूर्ण ऑर्डरवर 'डिलिव्हर्ड' दाखवतं.

काही वेळा दिवसाचं काम पूर्ण दाखवण्यासाठी पार्सल हातात द्यायच्या आधीच नोंद केली जाते आणि खोका दुसऱ्या दिवशी येतो. म्हणून ग्राहकसेवा '24 ते 48 तास थांबा' असं सांगते. थांबायला हरकत नाही, पण तक्रार नोंदवून थांबा. पार्सल आलं तर ती मागे घेता येते. तक्रारीत या तीन गोष्टी मागा:

- डिलिव्हरीची नोंद झाली त्या क्षणाचं डिलिव्हरीच्या यंत्रावरचं जीपीएस ठिकाण
- सही किंवा ओटीपी कोणाकडून घेतला
- लेबलवर छापलेला पूर्ण पत्ता आणि हबवर नोंदलेलं वजन

वजन का मागायचं, तर त्यावरून एक लबाडी उघडी पडते. काही खोटे विक्रेते तुमच्याच शहरात जाणाऱ्या भलत्याच पार्सलाचा ट्रॅकिंग नंबर तुम्हाला देतात. किंवा तुमच्या नावाने रिकामं पाकीट कुठेतरी पाठवतात. कागदोपत्री 'डिलिव्हर्ड' दिसतं आणि ते तक्रार फेटाळायला बघतात. मिक्सर मागवलेला असताना नोंदलेलं वजन 50 ग्रॅम असेल तर वेगळं काही सांगावं लागत नाही. फक्त एक लक्षात ठेवा, कुरिअर कंपन्या वजनाऐवजी आकारमानावरूनही आकारणी करतात (लांबी, रुंदी आणि उंची सेंटिमीटरमध्ये गुणून बऱ्याचदा 5000 ने भागतात). म्हणून 'आकारणीचं वजन' नको, 'प्रत्यक्ष वजन' मागा.

पार्सल हातात येण्याआधी ओटीपी कोणालाही देऊ नका, 'खाली उभा आहे, लवकर सांगा' असं म्हटलं तरीही. ओटीपी दिला की पार्सल मिळाल्याचं तुम्हीच मान्य केलं असं धरलं जातं आणि पुढची लढाई फार अवघड होते. महाग वस्तू असेल तर खोका उघडताना व्हिडिओ काढा. आधी लेबल वाचता येईल असं दाखवा, मग सहाही बाजू आणि चिकटपट्टी, मग न थांबता उघडा. मध्ये कापलेला व्हिडिओ सहसा मान्य होत नाही.

लिहायचं कोणाला, आणि कसं

'कुरिअरशी बोला' असं विक्रेत्याने सांगितलं तर ऐकून घेऊ नका. कुरिअरचा करार पाठवणाऱ्याशी असतो, हरवलेल्या मालाची भरपाईही त्यालाच मिळते. तुम्ही पैसे विक्रेत्याला दिले आहेत, म्हणून उत्तर त्यानेच द्यायला हवं. कुरिअरकडून माहिती जरूर घ्या, पण पैशाची मागणी विक्रेत्याकडे किंवा ज्या साइटवर खरेदी केली तिच्याकडेच करा. फोनवर बोलणं झालं तर तक्रार क्रमांक घ्या आणि ठरलेलं लगेच लेखी कळवा. चॅट बंद करण्याआधी जपून ठेवा, कारण काही ठिकाणी खिडकी मिटली की सगळं गायब होतं.

मजकूर असा असू द्या:

'ऑर्डर क्रमांक ___, ट्रॅकिंग क्रमांक ___. कबूल केलेली तारीख ___ होती. शेवटचा स्कॅन ___ रोजी ___ येथे झाला, त्यानंतर नोंद नाही. मला वस्तू मिळालेली नाही. ज्या खात्यातून पैसे दिले त्याच खात्यात पूर्ण परतावा हवा आहे. ___ तारखेपर्यंत लेखी उत्तर द्यावे. स्क्रीनशॉट जोडले आहेत.'

परतावा हवा की पुन्हा पाठवणी, हे एकच ठरवून मागा. दोन्ही पर्याय दिले की समोरचा तिसराच देतो, बहुधा त्यांच्या दुकानात वापरायचं क्रेडिट. रागाचे चार परिच्छेद लिहू नका. राग रास्त असला तरी वाचणारा त्यात तारखा शोधत बसतो. दर वेळी नवी तक्रार उघडू नका, जुन्याच धाग्यात उत्तर द्या. नव्या तक्रारीवर नवा माणूस येतो आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून विचारतो.

सगळ्यात घातक विनंती ही असते: 'तक्रार बंद करा, दोन दिवसांत पैसे टाकतो.' पैसे खात्यात दिसेपर्यंत बंद करू नका. बऱ्याच साइट्सवर बंद केलेला वाद पुन्हा उघडता येत नाही. 'आणखी आठ दिवस थांबा' असं वारंवार सांगणारा विक्रेता कधीकधी साइटच्या ग्राहक-संरक्षणाची, म्हणजे वाद नोंदवण्याची, मुदत संपण्याचीच वाट बघत असतो. ती शेवटची तारीख पहिल्याच दिवशी कॅलेंडरमध्ये टाका आणि तिच्या चार दिवस आधी वाद औपचारिकपणे नोंदवा.

बँकेकडे कधी जायचं

कार्डाने पैसे दिले असतील तर 'चार्जबॅक', म्हणजे बँकेमार्फत तो व्यवहार उलटवून पैसे परत मागणं, हा मार्ग आहे. वस्तू मिळालीच नाही अशा प्रकरणांत मोठ्या कार्ड-जाळ्यांची (व्हिसा, मास्टरकार्ड) मुदत साधारणपणे अपेक्षित डिलिव्हरीच्या तारखेपासून 120 दिवस असते. बँकेची स्वतःची मुदत याहून कमी असू शकते, म्हणून लवकर विचारा. आधी विक्रेत्याकडे लेखी मागणी केल्याचा पुरावा लागतो. साइटवरचा वाद आणि चार्जबॅक एकाच वेळी चालवू नका, दोन्हीकडे प्रकरण अडकतं. थेट बँक खात्यात पैसे पाठवले असतील तर असं संरक्षण सहसा मिळत नाही. अनोळखी विक्रेता सवलत देऊन थेट खात्यावर पैसे मागत असेल, तर तिथे खरेदी न करणंच बरं.

'परतावा दिला' असं सांगूनही दहा कामाच्या दिवसांत पैसे दिसले नाहीत तर 'एआरएन' मागा. हा कार्ड व्यवहाराचा 23 अंकी संदर्भ क्रमांक असतो, त्यावरून बँक परतावा शोधून काढते. नंबर देता येत नसेल तर परतावा बहुधा निघालेलाच नाही.

परदेशातून येणारं पार्सल

टपालाने येत असेल तर क्रमांकाची रचना जगभर सारखी असते: दोन अक्षरं, नऊ अंक, शेवटी पाठवणाऱ्या देशाची दोन अक्षरं. ही पद्धत 1874 मध्ये स्थापन झालेल्या जागतिक टपाल संघाची आहे. नववा अंक पडताळणीचा असतो, त्यामुळे मनाने रचलेला नंबर घरबसल्या पकडता येतो. पहिल्या आठ अंकांना अनुक्रमे 8, 6, 4, 2, 3, 5, 9, 7 ने गुणून बेरीज करा. बेरजेला 11 ने भागा आणि बाकी 11 मधून वजा करा. उत्तर 10 आलं तर अंक 0, आणि 11 आलं तर 5. उदाहरणार्थ 12345678 ची बेरीज 204, बाकी 6, म्हणून नववा अंक 5. हिशेब जुळला नाही तर नंबर चुकीचा उतरवला आहे किंवा खोटा आहे. जुळला म्हणजे पार्सल खरं, असं मात्र नाही.

पार्सल तुमच्या देशात शिरलं की तोच नंबर तुमच्या टपाल खात्याच्या साइटवर टाका, तिथे नोंदी जास्त ताज्या असतात. सीमाशुल्कात अडकलं असेल तर बहुधा बिल नसतं, किंमत संशयास्पद कमी लिहिलेली असते किंवा शुल्क भरायचं राहिलेलं असतं. पैसे भरल्याची पावती आणि वस्तूचं वर्णन तयार ठेवा.

याच काळात 'पत्ता अपूर्ण आहे, थोडं शुल्क भरा' असे खोटे संदेश येतात, आणि खरोखर पार्सलाची वाट बघणारा माणूस त्यात सहज अडकतो. अशा संदेशातली लिंक उघडू नका. ट्रॅकिंग नंबर स्वतः कुरिअरच्या अधिकृत ॲपमध्ये टाका. शुल्क खरोखर बाकी असेल तर ते तिथेही दिसेल. लिंकवर कार्डाचे तपशील भरून झाले असतील तर बँकेला फोन करून कार्ड लगेच बंद करा, पार्सलाचं नंतर बघता येईल.