स्टॉप, ट्राय, रिमेंबर : ‘टु’ आणि ‘आयएनजी’च्या या चुका टाळा

‘माय फादर स्टॉप्ड टु ईट खर्रा.’

व्यसनमुक्तीवरच्या निबंधात हे वाक्य मी किती वह्यांत खोडलं, त्याची मोजदाद नाही. मुलाला म्हणायचं असतं, बाबानं खर्रा, म्हणजे सुपारी-तंबाखूची पुडी, खाणं सोडलं. कागदावर उतरतं, बाबा खर्रा खायले थांबले. पानठेला दिसला, गाडी उभी केली, पुडी घेतली. ज्या गोष्टीचा त्या पोराला अभिमान वाटतो, तिच्या नेमकं उलट तो लिहून बसतो. बरोबर वाक्य ‘माय फादर स्टॉप्ड ईटिंग खर्रा’ असं आहे.

आर्वी तालुक्यातल्या खेड्यांवरची मुलं माझ्याकडे इंग्रजी शिकायला येतात. कोणी पदवीचा राहिलेला पेपर काढायला, कोणी नागपूरला मुलाखत द्यायला. त्यांना इंग्रजी जमत नाही असं मला कधीच वाटलं नाही. गडबड पाचवी-सहावीतच झालेली असते. तिथं ‘टु गो म्हणजे जाणे, टु ईट म्हणजे खाणे’ असं घोकून घेतलं जातं, आणि मग मराठीत ‘-णं’ किंवा ‘-यचं’ आलं की हात आपोआप ‘टु’ लिहितो. बहुतेक क्रियापदांपुढे त्यानं निभावतं. काही मोजकी क्रियापदं मात्र अशी आहेत की पुढे ‘टु’ आला तर एक अर्थ आणि ‘आयएनजी’ (-ing) आलं तर दुसराच. तिथं वाक्य व्याकरणाला धरून असतं, म्हणून कोणी टोकत नाही, आणि ऐकणारा भलताच अर्थ घेऊन जातो.

‘स्टॉप’नं माझ्या एका विद्यार्थ्याची नोकरी घालवली. ते मला अजून लागतं, म्हणून सविस्तर सांगतो.

पोरगा बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला होता आणि सोबत एका जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातून सरकी काढायच्या कारखान्यात, वजनकाट्यावर काम करत होता. वडील आजारी पडले. घरी पैसा लागत होता, म्हणून त्यानं कॉलेज सोडलं आणि काम चालू ठेवलं. तीन वर्षं रोज कापसाच्या गाड्या मोजल्या, नोंदी ठेवल्या, हिशेब जुळवले. पुढे बुटीबोरीच्या एका कंपनीत गोदामाच्या जागेसाठी त्याची मुलाखत झाली. त्याच कामाचा तीन वर्षांचा अनुभव त्याच्या गाठीशी होता. तिथं तो बोलला, ‘आय वॉज वर्किंग इन अ जिनिंग मिल. देन माय फादर बिकेम इल, सो आय स्टॉप्ड टु स्टडी.’

समोरच्यानं जे ऐकलं ते असं : वडील आजारी पडले आणि यानं शिकण्यासाठी काम थांबवलं. त्यानं विचारलं, म्हणजे तेव्हापासून काम करत नाही का? घाबरलेल्या पोराला प्रश्न नीट कळला नाही, तो ‘येस सर’ म्हणाला. अनुभवाच्या रकान्यात काही उरलं नाही.

संध्याकाळी तो माझ्याकडे आला. शब्दाला शब्द सगळं सांगितलं आणि विचारलं, “सर, मंग म्या काय म्हनाले पाहिजे होतं?”

मी म्हटलं, “बाबू, आय स्टॉप्ड स्टडीइंग, बट आय वेंट ऑन वर्किंग. एवढंच.”

त्या दिवसापासून मी वर्गात एक सवय लावली आहे. ‘स्टॉप’ लिहिलं की पेन खाली ठेवायचं आणि वाक्य आपल्या बोलीत मोठ्यानं म्हणायचं. ‘खायले थांबलो’ असं म्हणता येत असेल, म्हणजे थांबण्याचं कारण खाणं असेल, तर ‘टु’. ‘खाणं सोडलं, बंद केलं’ असं असेल तर ‘आयएनजी’. हा फरक वऱ्हाडी बोलणाऱ्याच्या तोंडात आधीपासून आहे. ‘चाय प्याले थांबलो’ आणि ‘चाय बंद केली’ यात आपल्या घरची म्हातारी माणसंसुद्धा कधी गोंधळत नाहीत. पुलगाव-आर्वी रेल्वेचं, म्हणजे आमच्या ‘शकुंतला’ गाडीचं वाक्य मी नेहमी देतो : ‘द ट्रेन स्टॉप्ड रनिंग.’ गाडी बंद झाली. तिथं ‘टु रन’ लिहिलं तर गाडी धावण्यासाठी थांबली असं होतं, आणि मुलांना स्वतःच चूक दिसते.

‘ट्राय’चं दुखणं जरा वेगळं आहे, आणि मराठी त्याला आणखी जवळची आहे. ‘करायचा प्रयत्न केला’ म्हणजे ‘ट्राय टु’. ‘करून पाहिलं’ म्हणजे ‘ट्राय’ आणि पुढे ‘आयएनजी’. पहिल्यात ती गोष्ट करणंच अवघड असतं, जमली की नाही ते पुढे सांगावं लागतं. दुसऱ्यात गोष्ट झालेली असते, तिचा उपयोग होतो का ते आपण बघत असतो.

एका मुलानं शेतातली मोटर सुरू होत नाही म्हणून पंपाच्या कंपनीला इंग्रजीत मेल केला : ‘आय ट्राइड टु चेंज द कपॅसिटर.’ त्यानं कपॅसिटर खरंच बदलला होता, तरी मोटर नुसती घूं करत होती. कंपनीला वाटलं, याला बदलता आला नाही. उत्तरात कपॅसिटर कसा बदलायचा ते पायरी-पायरीनं लिहून आलं. पुन्हा मेल, पुन्हा वाट पाहणं. हरभऱ्याचं पाणी चार दिवस लांबलं. ‘आय ट्राइड चेंजिंग द कपॅसिटर’ असं लिहिलं असतं तर ‘बदलून पाहिला, फरक पडला नाही’ हे पहिल्याच मेलमध्ये पोचलं असतं आणि बोलणं थेट मोटरच्या वाइंडिंगवर, म्हणजे आतल्या तारेच्या गुंडाळीवर, आलं असतं.

आता ‘रिमेंबर’ आणि ‘फरगेट’. इथं क्रम बघायचा. ‘रिमेंबर टु स्विच ऑफ द स्टार्टर’ म्हणजे आधी आठवण, मग काम : बंद करायचं लक्षात ठेव. ‘आय रिमेंबर स्विचिंग ऑफ द स्टार्टर’ म्हणजे आधी काम, मग आठवण : बंद केल्याचं आठवते मला. रात्रीच्या लाईनवर मोटर लावून ओलीत करणाऱ्या घरात या दोन वाक्यांतलं अंतर कोणाला समजावून सांगावं लागत नाही. ‘करायचं’ असेल तर ‘टु’, ‘केल्याचं’ असेल तर ‘आयएनजी’. ‘फरगेट’ तसंच, फक्त त्याच्यापुढे ‘आयएनजी’ बहुतेक ‘कधीच विसरणार नाही’ अशा वाक्यात येतं : ‘आय विल नेव्हर फरगेट गोइंग टु माय फर्स्ट तान्हा पोळा.’ दाराला कुलूप लावायचं राहिलं असेल तर ‘आय फरगॉट टु लॉक द डोअर’, दुसरं काही नाही.

यावरूनच यूट्यूबवर एक युक्ती फिरते : ‘टु’ म्हणजे पुढचं, ‘आयएनजी’ म्हणजे मागचं, तीस सेकंदांत विषय खल्लास. माझा या युक्तीवर राग आहे. ‘रिमेंबर’, ‘फरगेट’ आणि ‘रिग्रेट’वर ती चालते, म्हणून पोरांचा विश्वास बसतो, आणि मग तीच ‘ट्राय’ला लावतात. ‘ट्राय ड्रिंकिंग हॉट वॉटर’ यात मागचं काय आहे? अजून घोटही घेतलेला नाही. मराठीचा कानसुद्धा प्रत्येक क्रियापदाला वेगळा लावावा लागतो. ‘करायचं आठवलं’ला ‘टु’ लागतो आणि ‘करायचं सोडलं’ला ‘आयएनजी’, प्रत्यय तोच असूनही. म्हणून दर वर्षी पहिल्या आठवड्यात कोणी “सर, लिस्ट द्या ना, पाठ करून टाकतो” म्हणालं की मी लिस्ट देत नाही. एका क्रियापदाची दोन वाक्यं आणायला सांगतो, दोन्ही स्वतःच्या घरची, शेतातली, गावातली. आठवड्याला एकच क्रियापद. ज्यांना घाई असते ते दुसऱ्या क्लासला जातात. राहतात त्यांच्याकडून ‘स्टॉप’ची चूक पुन्हा क्वचितच होते.

‘रिग्रेट टु’ हे वाईट बातमी देतानाचं बोलणं आहे : ‘वी रिग्रेट टु इन्फॉर्म यू’. केल्याचा पस्तावा असेल तर ‘आय रिग्रेट लीव्हिंग कॉलेज’. सुट्टीच्या अर्जात ‘आय रिग्रेट टु बी ॲबसेंट’ लिहू नका.

‘मीन टु’ म्हणजे मनात होतं : ‘आय मेंट टु कॉल यू.’ ‘मीन’ आणि ‘आयएनजी’ म्हणजे त्यापायी हे करावं लागतं : ‘मिसिंग द लास्ट एसटी मीन्स वॉकिंग होम.’

‘वेंट ऑन टॉकिंग’, बोलतच राहिला. ‘वेंट ऑन टु टॉक अबाउट कॉटन प्रायसेस’, आधीचं संपवून कापसाच्या भावाकडे वळला.

‘द रोड नीड्स रिपेअरिंग’ म्हणजे रस्ता दुरुस्त व्हायला पाहिजे. तिथं ‘टु रिपेअर’ लिहिलं तर रस्त्यालाच दुरुस्ती करायला लावल्यासारखं होतं.

‘यूज्ड टु’वर दोन शब्द जास्त. ‘शकुंतला यूज्ड टु रन फ्रॉम पुलगाव टु आर्वी’, पूर्वी धावायची. ‘आय ॲम यूज्ड टु गेटिंग अप ॲट फोर’, चारला उठायची सवय आहे. दुसऱ्या वाक्यातला ‘टु’ क्रियापदाचा नाही, तो ‘ला’ किंवा ‘ची’सारखा नामाला जोडणारा आहे, म्हणून पुढे ‘गेटिंग’. अर्जाच्या शेवटच्या ‘लुकिंग फॉरवर्ड टु हिअरिंग फ्रॉम यू’मध्येही तोच ‘टु’ आहे. तिथं ‘टु हिअर’ लिहिलेले अर्ज मी अजूनही रोज दुरुस्त करतो.

‘एन्जॉय’, ‘फिनिश’, ‘अव्हॉइड’पुढे ‘टु’ येतच नाही, आणि ‘वाँट’, ‘होप’, ‘डिसाइड’पुढे सहसा ‘आयएनजी’ नाही. ती वेगळी यादी आहे, अर्थ बदलण्याशी तिचा संबंध नाही. दोन्ही एकाच दिवशी शिकू नका.

‘स्टार्ट’ आणि ‘बिगिन’ची काळजी सोडा. ‘इट स्टार्टेड रेनिंग’ आणि ‘इट स्टार्टेड टु रेन’, पाऊस दोन्हीकडे तोच. फक्त ‘इट इज स्टार्टिंग रेनिंग’ असे दोन ‘आयएनजी’ एकापाठोपाठ ठेवू नका, ‘इट इज स्टार्टिंग टु रेन’ म्हणा.