रेटरिकची पुस्तकं वाचताय? मग या चुका टाळा

एमए इंग्लिशला ॲडमिशन घेतलेली किंवा नेट-सेटची तयारी करणारी मुलं माझ्याकडे येतात तेव्हा बऱ्याच जणांच्या वहीत एक तक्ता असतो. डावीकडे नाव, मधे व्याख्या, उजवीकडे एक उदाहरण. सिमिली, मेटाफर, मेटॉनिमी, सिनेक्डकी, लिटोटीझ, झ्यूग्मा असं करत करत साठ-सत्तर नावं. तक्ता मनापासून केलेला असतो, पाठही असतो. मग मी एखाद्या भाषणाचा उतारा पुढे ठेवते आणि विचारते की हे वाचून तुला काय वाटलं आणि नेमकं कुठल्या शब्दाशी आल्यावर वाटलं, आणि तिथे सगळं थांबतं. मी पण एमएला असाच तक्ता केला होता आणि दोन वर्षं त्यातच गेली, रेटरिक, म्हणजे समोरच्याला पटवण्याची कला, खरं काय आहे ते मला नंतर शिकवायला लागल्यावर कळलं, म्हणून तुम्हाला आधीच सांगतेय.

रेटरिक म्हणजे अलंकार, ही पहिली आणि सगळ्यात महागात पडणारी चूक

ॲरिस्टॉटलचं रेटरिकवरचं पुस्तक इसवीसनपूर्व चौथ्या शतकातलं, त्याचे तीन भाग आहेत. पहिले दोन उघडून बघा, त्यात अलंकार जवळजवळ नाहीतच. समोरच्याला पटवायचं कसं, कुठल्या प्रसंगी कुठला मुद्दा चालतो, माणसाला राग कशाने येतो, भीती कशाची वाटते, दया कुणाची येते, मत्सर कुणाचा वाटतो, तरुण माणूस आणि म्हातारा माणूस ऐकताना वेगळे कसे असतात, हे सगळं आहे. भाषाशैली येते ती तिसऱ्या भागात. लॉगॉस, पेथॉस, ईथॉस हे तीन शब्द परीक्षेसाठी सगळ्यांना येतात पण त्यांचा अर्थ साधा आहे, मुद्द्याने पटवणं, ऐकणाऱ्याच्या मनाला हात घालून पटवणं आणि बोलणारा भरवशाचा वाटतो म्हणून पटणं.

पुढे रोमन लोकांनी याचे पाच टप्पे पक्के केले. काय बोलायचं ते शोधायचं, ते लावून घ्यायचं, त्याला भाषा द्यायची, लक्षात ठेवायचं आणि मग उभं राहून बोलायचं. सिसेरो वाचा किंवा क्विंटिलियनचे ते बारा भाग वाचा (क्विंटिलियन तर मुलगा लहान असल्यापासून त्याला वक्ता कसं घडवायचं इथून सुरू करतो), पाचही टप्पे तिथे एकत्र आहेत. मग रेटरिक म्हणजे अलंकारांची यादी असं कधी झालं? याला एक मोठं कारण म्हणजे सोळाव्या शतकातला पॅरिसचा पीटर रॅमस. त्याने पहिले दोन टप्पे उचलून तर्कशास्त्रात टाकले, रेटरिककडे उरली ती शैली आणि सादरीकरण, आणि पुस्तकातून शिकायचं म्हटलं की सादरीकरणही मागे पडतं, मग हातात राहते नावांची यादी. आपण जो तक्ता करतो तो त्या उरलेल्या तुकड्याचा असतो, आणि आपल्याला वाटतं विषय संपला.

दहावीचे अलंकार इंग्रजीवर जसेच्या तसे बसवू नका

ही खास आपली, मराठीतून आलेल्या मुलांची चूक. सिमिली म्हणजे उपमा, मेटाफर म्हणजे रूपक, झालं. सोप्या उदाहरणात जुळतं, नंतर घोळ होतो.

'तिचा चेहरा जणू चंद्रच' हे आपल्याकडे उत्प्रेक्षा. इंग्रजीत उत्प्रेक्षेला वेगळा कप्पा नाही, तुलना दाखवणारा शब्द आहे ना, मग ते बहुतेक वेळा सिमिलीतच जातं. उलट बाजूने बघा. कडक सर वर्गाकडे येताना दिसले आणि कुणीतरी म्हणालं 'वाघ आला रे', तर इंग्रजीत हा सरळ मेटाफर आहे. पण शाळेत शिकलेल्या रूपकात उपमेय आणि उपमान दोन्ही लागतात, इथे सरांचं नावच नाही. संस्कृत काव्यशास्त्रात त्याला रूपकातिशयोक्ती म्हणतात, पण शाळेच्या पुस्तकात ती नसते त्यामुळे पोरं अडकतात आणि मग हा मेटाफर नाहीच असं लिहून मोकळी होतात.

समीक्षक आय. ए. रिचर्ड्सने 'द फिलॉसॉफी ऑफ रेटरिक' (१९३६) मधे टेनर आणि व्हेइकल हे दोन शब्द दिले. ते वाचताना टेनर म्हणजे उपमेय आणि व्हेइकल म्हणजे उपमान असं समासात लिहायला हरकत नाही, मीही लिहिलं होतं, पण तिथे थांबू नका कारण रिचर्ड्सचा मुद्दा पुढे आहे. तो म्हणतो की मेटाफरचा अर्थ या दोघांच्या एकत्र येण्यातून तयार होतो. सर वाघ झाले की सर बदलतात आणि वाघही बदलतो, त्या वाघाच्या हातात हजेरीचं रजिस्टर असतं.

मेटॉनिमी आणि सिनेक्डकी यांत गोंधळ न होणारं पोर मी अजून बघितलं नाही. इथे मात्र मराठी व्याकरण खूप कामी येतं, फक्त अलंकाराचा धडा सोडून शब्दशक्तीचा धडा काढा, लक्षणा. 'बाबा ताटावर बसले', म्हणजे ताटाशी जोडलेली गोष्ट, जेवण. जवळच्या वस्तूचं नाव घेऊन दुसरी वस्तू सांगितली, ही मेटॉनिमी. 'अजून चार हात लागतील', म्हणजे माणसाचा एक भाग घेऊन अख्खा माणूस सांगितला, ही सिनेक्डकी. काही अभ्यासक सिनेक्डकीला मेटॉनिमीचाच एक प्रकार मानतात, त्यामुळे दोन पुस्तकांत दोन उत्तरं दिसली तर घाबरू नका आणि कुठलं पुस्तक चुकलं ते शोधत बसू नका.

नाव लिहिलं की उत्तर संपलं असं समजू नका

ही चूक मला सगळ्यात जास्त लागते, कारण मार्क इथे जातात आणि विषयाची मजाही इथेच जाते. 'इथे कवीने रिपिटिशन वापरलं आहे.' बरं, मग? त्याने झालं काय?

यासाठी मी कायम शेक्सपिअरच्या 'जूलियस सीझर'चा तिसऱ्या अंकातला दुसरा प्रवेश घेते. सीझरचा खून झालाय, आधी खून करणाऱ्यांतला ब्रूटस लोकांसमोर बोलतो, मग सीझरचा मित्र अँटनी. ब्रूटस गद्यात बोलतो, वाक्यं अगदी तोलून मापून, सीझरवर माझं प्रेम कमी नव्हतं पण रोमवर जास्त होतं. माझ्या इभ्रतीकडे बघून विश्वास ठेवा म्हणतो, म्हणजे ईथॉस. इथे कुणाला गुलाम व्हायचंय असं विचारतो, ज्याला व्हायचं असेल त्याचा मी अपराधी आहे, आणि उत्तरासाठी थांबतो. कोण हात वर करणार? लोकांना पटतं. पण किती पटलं ते बघा, गर्दीतला एक जण ओरडतो की यालाच सीझर करा! सीझर राजा होऊ नये म्हणून खून केला, आणि तेच कारण लोकांच्या डोक्यात गेलेलं नाही. प्रवेशातली ही एक ओळ सुटली तर ब्रूटसचं भाषण कुठे फसलं ते कळत नाही.

मग अँटनी येतो, पद्यात. ब्रूटस इज ॲन ऑनरेबल मॅन, हे तो पहिल्यांदा म्हणतो तेव्हा लोकांना खरंच वाटतं. मग मधे एक पुरावा ठेवतो, सीझरने कैदी आणले, त्यांच्या खंडणीने तिजोरी भरली. गरीब रडले तेव्हा सीझरच्या डोळ्यांत पाणी आलं, परत ऑनरेबल. तीनदा राजमुकुट पुढे केला, तीनदा नाकारला, परत ऑनरेबल. शब्द तोच आहे पण पुरावे वाढत जातात तसा तो थोडा थोडा सडत जातो आणि शेवटी शिवी होतो. आता लिहा ना उत्तरात, की रिपिटिशनमुळे एका शब्दाचा अर्थ ऐकणाऱ्याच्या कानात उलटा होतो आणि अँटनीला ब्रूटसविरुद्ध एकही उघड आरोप करावा लागत नाही. नाव एकच, रिपिटिशन, पण आता उत्तर झालं.

पुढे तो मृत्युपत्र दाखवतो आणि म्हणतो मी हे वाचणार नाही, वाचलं तर तुम्ही पेटून उठाल. सांगणार नाही म्हणत सांगायचं, याला पॅरालिप्सिस म्हणतात. नाव अवघड आहे पण गोष्ट आपल्या ओळखीची आहे, गावातल्या सभेत उमेदवार उभा राहून म्हणतो ना, समोरच्याने पाच वर्षांत काय खाल्लं ते मी आज बोलणार नाही. मग अँटनी खाली उतरतो, लोकांना प्रेताभोवती गोल उभं करतो, अंगरख्यावरचं एकेक भोक दाखवतो, हे कॅस्काचं, हे ब्रूटसचं. अँटनी खुनाच्या वेळी तिथे नव्हताच, त्याला आधीच बाहेर नेलं होतं, मग कुठलं भोक कुणाचं हे त्याला कसं कळलं? गर्दीतला कुणीच हे विचारत नाही. आणि एवढं सगळं करून म्हणतो की मी काही ब्रूटससारखा वक्ता नाही, साधा माणूस आहे.

छंद मोजताना लघु-गुरू लावू नका

प्रोसडीचा, म्हणजे छंदशास्त्राचा पेपर रेटरिकच्या बरोबरच येतो. आपल्या गणवृत्तात अक्षर ऱ्हस्व की दीर्घ यावर लघु-गुरू ठरतं, इंग्रजीत जोर कुठे पडतो त्यावर ठरतं, दोन्ही गोष्टी वेगळ्या. 'सिटी' शब्द देवनागरीत लिहून मोजलात तर लघु, गुरू. इंग्रजीत जोर 'सि' वर आहे, म्हणजे नेमकं उलटं, तुम्ही आयँब (जोर दुसऱ्यावर) लिहिणार आणि तो ट्रोकी (जोर पहिल्यावर) आहे. 'बिगिन' मधे सगळी अक्षरं ऱ्हस्व दिसतात पण जोर 'गिन' वर आहे. 'रेकॉर्ड' नाम असेल तर जोर पहिल्यावर, क्रियापद असेल तर दुसऱ्यावर, स्पेलिंग तेच. उपाय एकच, डिक्शनरीत उच्चार बघा, त्यात वरच्या बाजूला छोटी उभी रेघ असते, ती ज्या सिलॅबलच्या आधी असेल त्यावर मुख्य जोर. आणि आयँबिक पेंटामीटर (ओळीत पाच आयँब) म्हटलं म्हणजे प्रत्येक ओळ घड्याळासारखी चालेल असं नाही, अँटनीची पहिलीच ओळ 'फ्रेंड्स' अशी जोरातच सुरू होते. गोंगाट करणाऱ्या गर्दीला गप्प करायचंय, हळू सुरुवात करून चालणार कशी.

पुस्तकं घेताना आणि वाचताना

एम. एच. एब्रम्सची 'ग्लॉसरी ऑफ लिटररी टर्म्स' (पहिली आवृत्ती १९५७, नंतरच्या आवृत्त्यांत जेफ्री गाल्ट हार्पहॅम सहलेखक) ही पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचायची नाही. अडलं की उघडायची, आणि त्या नोंदीत ज्या दुसऱ्या नोंदी बघायला सांगितल्यात त्या पण बघायच्या. रिचर्ड लॅनहॅमची 'अ हँडलिस्ट ऑफ रेटॉरिकल टर्म्स' तशीच, ग्रीक-लॅटिन नावं शोधायला उत्तम, पाठ करायला घेतलीत तर परत तोच तक्ता.

वेन बूथचं 'द रेटरिक ऑफ फिक्शन' (१९६१) कादंबरीतल्या अलंकारांचं पुस्तक समजून घेणारे पुष्कळ भेटतात. त्यात कथा सांगणारा वाचकाला कसा वळवतो याचा विचार आहे, इम्प्लाइड ऑथर (पुस्तकातून जाणवणारा लेखक) आणि अनरिलायबल नॅरेटर (भरवसा ठेवता येत नाही असा निवेदक) या कल्पना तिथल्या. आधी दोन-तीन कादंबऱ्या नीट वाचलेल्या नसतील तर ते पुस्तक अर्ध्यात सुटतं, म्हणून ते नंतर घ्या.

ॲरिस्टॉटल इंग्रजीतून वाचताना भाषांतर कुठलं आहे ते बघा. डब्ल्यू. रीस रॉबर्ट्सचं जुनं भाषांतर नेटवर फुकट मिळतं आणि वाचायला सोपं आहे, पण जॉर्ज केनेडीच्या भाषांतरात (१९९१) टिपा आणि प्रस्तावना भरपूर आहेत, एकट्याने वाचणाऱ्याला त्याचा फार आधार होतो. पहिल्या भागात अडकलात तर सरळ दुसऱ्या भागात जा, राग, भीती, दया यांवरची प्रकरणं, ती कुणालाही धरून ठेवतात. आणि 'पोएटिक्स' वाचलं म्हणजे हे पण झालं असं धरून चालू नका, ते शोकांतिकेवरचं वेगळं पुस्तक आहे.

ग्रीक नावांची भीती वाटत असेल तर हे ऐका, १५८९ मधे जॉर्ज पुटनमने इंग्रजी काव्यावर पुस्तक लिहिलं तेव्हा त्याच्या इंग्रज वाचकांनाही हीच अडचण होती, म्हणून त्याने आयरनीला 'ड्राय मॉक' आणि हायपरबोलीला 'ओव्हररीचर' अशी घरगुती नावं दिली. तुम्ही पण वहीत मराठी नावं द्या, खरंच द्या. पॅरालिप्सिसला मी 'सांगत-नाही-म्हणून-सांगणं' लिहिते.

अजून एक गैरसमज, रेटरिक हा साहित्याच्या अभ्यासक्रमात उगाच घुसडलेला जुना विषय आहे. उलट आहे. केंब्रिजला इंग्रजीची स्वतंत्र परीक्षा १९१७ मधे सुरू झाली, पण एडिंबरात ह्यू ब्लेअर १७६२ पासून रेटरिक आणि बेल लेत्र्चा (ललित साहित्याचा) प्रोफेसर होता आणि त्याची व्याख्यानं १७८३ मधे छापून आली. इंग्रजी साहित्य वर्गात शिकवणं रेटरिकच्या पोटातून आलंय. आपल्या देशात ते इंग्रजांनी कशासाठी आणलं त्यावर गौरी विश्वनाथन यांचं 'मास्क्स ऑफ कॉन्क्वेस्ट' (१९८९) आहे. इंग्लंडमधे या विषयाचा जम बसायच्या आधी तो इथे शिकवला जात होता असं त्या मांडतात. दुसऱ्या वर्षाला तरी ते वाचाच.

वाचून काहीच सुचत नसेल तर रिचर्ड्सचीच युक्ती करा. त्याने केंब्रिजच्या मुलांना कवीचं नाव न सांगता कविता दिल्या आणि मनात आलं ते लिहून घेतलं, त्यातून 'प्रॅक्टिकल क्रिटिसिझम' (१९२९) झालं. मैत्रिणीला सांगा, नाव झाकून एक उतारा पाठव. पहिल्या वाचनात फक्त एवढंच, पेन्सिलने खूण, जिथे मन हललं तिथे. दुसऱ्या वाचनात त्या खुणेशी कुठला शब्द आहे, तो आधी कुठे आला होता, वाक्य तिथे लांब झालं की तुटलं. तिसऱ्यांदा ग्लॉसरी उघडायची आणि नाव शोधायचं. नाव नाही सापडलं तरी उत्तर लिहिता येतं, दोन पायऱ्या आधीच झालेल्या असतात.

आणि अँटनीचं भाषण डोळ्यांनी वाचून सोडू नका, सादरीकरण हा त्या पाचांतला एक टप्पा होता. १९५३ च्या सिनेमात मार्लन ब्रँडोने अँटनी केलाय, तो प्रवेश एकदा पुस्तक बंद करून बघा, गर्दी कुठल्या वाक्याला फिरली ते कागदावर लिहा, आणि मग पुस्तक उघडून तुमची ओळ आणि शेक्सपिअरने गर्दीच्या तोंडी घातलेली पहिली कुजबुज यांत किती अंतर आहे ते मोजा.