धुतलेल्या कपड्यांवर केस आणि पांढरी लव? या चुका टाळा

संक्रांतीला नेसायची म्हणून काळी सुती साडी मशीनमध्ये टाकली, आणि सोबत नवेकोरे सोलापुरी टॉवेल. साडी बाहेर काढली तर पदरापासून निऱ्यांपर्यंत नुसती पांढरी लव! म्हणून पहिली चूक हीच सांगते. टॉवेल, त्यातही नवे, सगळ्यात जास्त तंतू सोडतात. त्यांचं धुणं वेगळं लावा. गडद कपडे उलटे करून, त्यांचे तेच धुवा.

केस पाण्यात निघून जातील, हाही गैरसमज. ओला केस कापडाला आणखी घट्ट चिकटतो, विणीत अडकतो. घरात मांजर असेल किंवा कुणाचे लांब केस गळत असतील, तर चादरी-अभ्रे कोरडे असतानाच गॅलरीत झटका. खालच्या मजल्यावर कुणाचे कपडे वाळत नाहीत ना, तेवढं आधी बघा. खिसे तपासायला विसरू नका. एक टिश्यू पेपर अख्ख्या धुण्याची वाट लावतो.

सगळ्यात जास्त दुर्लक्ष होतं ते जाळीकडे. वरून उघडणाऱ्या बहुतेक मशीनमध्ये ड्रमच्या आत जाळीची पिशवी किंवा डबी असते. ती उलटी करून पाहा. राखाडी, ओला बोळा निघेल, त्यात केस गुंतलेले. दर धुण्यानंतर तो काढा आणि जाळी जुन्या टूथब्रशने नळाखाली घासा. जाळी फाटली असेल तर अडकलेलं सगळं परत कपड्यांवरच येतं. मशीनचा मॉडेल नंबर सांगून नवी आणा. पुढून उघडणाऱ्या मशीनचा फिल्टर सहसा खालच्या कोपऱ्यात, छोट्या झाकणामागे असतो. उघडण्याआधी खाली पसरट ताट ठेवा, पाणी येतंच. दाराच्या रबराची घडीही बोटाने उलगडून पुसा, केस तिथे दडून बसतात.

ड्रम ठासून भरू नका. कपड्यांमधून पाणी खेळलंच नाही, तर सुटलेले तंतू वाहून जाणार कसे? पाऊण ड्रम पुरे. खळबळायला एक पाणी जास्त घ्या.

मुंबईच्या पावसाळ्यात तर कपडे घरातच, पंख्याखाली वाळतात आणि जमिनीवरचे केस उडून ओल्या कपड्यांवर बसतात. आधी केर काढा, पंख्याची पाती पुसा, मग वाळत घाला. खिडकीच्या ग्रिलवर कबुतरं बसत असतील तर दांडी ओल्या फडक्याने पुसल्याशिवाय कपडा टाकूच नका.

एवढं करूनही काही चिकटलंच, तर लगेच परत धुऊ नका. कपडा पूर्ण वाळू द्या. रबरी हातमोजा किंचित ओला करून एकाच दिशेने फिरवा, केसांची गुंडाळी होऊन येते. बारीक लवेसाठी रुंद चिकटपट्टी, चिकट बाजू वर ठेवून, हाताला गुंडाळा आणि हलकेच थोपटत जा. माझी साडी अशीच, वीत-वीत करत, संक्रांतीच्या आदल्या रात्री साफ झाली.