मालगुंडात केशवसुतांच्या आठवणी कशा टिपाव्यात

केशवसुतांचे १९०५ मध्ये हुबळी येथे प्लेगने निधन झाले; त्यामुळे रत्नागिरी जिल्ह्यातील मालगुंड या त्यांच्या जन्मगावी आज कानी पडणारी आठवण अनेक तोंडांतून आलेली असते. म्हणून पडवीत बसलेल्या आजोबांना ‘हे आपणांस कोणी सांगितले?’ असे आदराने विचारून ती साखळी आधी लिहून घ्यावी. मोबाइलवर ध्वनिमुद्रण परवानगीनेच करावे. ‘तुतारी’ १८९३ ची आहे, असली दुरुस्ती गोष्ट रंगात असताना करू नये. दोन घरांतील हकिकती जुळल्या नाहीत, तर दोन्ही गावबोलीतील शब्दांसह जशाच्या तशा जपाव्यात, कारण गावाने आपला कवी कसा मनात धरला हे मला त्या फरकातच अधिक दिसते. भातलावणीच्या दिवसांत मात्र कोणाला अडवून बसवू नये.